कराद्रासचे वादळ कोणाचे?

शाळेच्या शेवटच्या तासाला मुलांना गोष्टी सांगण्याची माझी जुनी सवय आहे. गेल्या पावसाळ्यात सातवीच्या वर्गाला मी जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ची गोष्ट रोज थोडी थोडी सांगत होतो. (माझे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. इंग्रजी पुस्तक मला शब्दकोश उशाशी घेऊनच वाचावे लागते. त्यामुळे ते पुष्कळ दिवस पुरते, एवढा त्यात फायदा!) गोष्ट कराद्रास पर्वतापाशी आली आणि एका मुलाने मध्येच विचारले, “गुरुजी, ते वादळ आणलं कुणी?”

उत्तर देण्यासाठी मी तोंड उघडले आणि तसाच थांबलो. पुस्तक तर मी दोनदा वाचले होते.

ज्यांनी ते वाचलेले नाही त्यांच्यासाठी प्रसंग सांगतो. १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या पहिल्या खंडात नऊ जण एक अंगठी नष्ट करायला निघतात. त्या अंगठीत सॉरॉन नावाच्या दुष्ट अधिपतीचे सामर्थ्य साठवलेले आहे. वाटेत पर्वतांची रांग आडवी येते. कराद्रासच्या कुशीतल्या खिंडीतून रात्री पलीकडे जावे, असे ठरते. अर्ध्या वाटेवर बर्फ पडू लागते. इतक्या दक्षिणेला एवढे बर्फ सहसा पडत नाही. वाऱ्यात किंकाळ्या आणि हसणे ऐकू येते, वरून दगड कोसळू लागतात. पहाटेपर्यंत वाट बुजून जाते. बोरोमिर आणि आरागॉर्न हे दोघे धिप्पाड वीर छातीने बर्फ फोडत वाट काढतात, तेव्हा कळते की तो ढीग एखाद्या भिंतीसारखा तेवढ्याच जागी उभा आहे. थोडे खाली उतरले की बर्फ विरळ! सगळे माघारी फिरतात, आणि शेवटचा माणूस सुटतो न सुटतो तोच मागे दरड कोसळून वाट बंद होते. जणू कोणी दार लावून घेतले.

आता हे कोणी केले? टॉल्किन तीन उत्तरे तीन तोंडांतून वदवतात. बोरोमिरला सॉरॉनचा संशय येतो, आणि गँडाल्फ हा जादूगारही त्याचा हात लांबवर पोचतो हे नाकारत नाही. गिम्ली हा खाणीत राबणाऱ्या ठेंगू जमातीतला. तो सांगतो की, सॉरॉनचे नावही या मुलखात कोणी ऐकले नव्हते तेव्हापासून हा पर्वत क्रूर म्हणून ओळखला जातो. आणि आरागॉर्न म्हणतो, मी याला वाराच म्हणतो. पण म्हणून तुमचे म्हणणे खोटे ठरत नाही. दोन पायांवर चालणाऱ्यांविषयी ज्यांना मुळीच प्रेम नाही आणि तरीही जे सॉरॉनचे चाकर नाहीत, असे पुष्कळ काही या जगात आहे. लेखक स्वतः निवाडा करीत नाही.

माझ्या मते सबंध ग्रंथातील ही फार मोलाची जागा आहे. ग्रंथात दोष नाहीत असे नाही. नावांची गर्दी आहे, आणि लेखक वाटेतल्या प्रत्येक टेकडीपाशी रेंगाळतो. पण या एका रात्रीत त्यांनी आपल्या कल्पित जगाला खोली दिली. सुष्ट आणि दुष्ट यांच्या युद्धात ज्याला कोणाचीच बाजू घ्यायची नाही असे काहीतरी तिथे उभे आहे, आणि ते युद्धापेक्षा जुने आहे.

२००१ साली या कथेवर पीटर जॅक्सन यांनी चित्रपट काढला. त्यात सारुमान हा फितूर जादूगार दूरच्या मनोऱ्यावरून मंत्र म्हणतो आणि पर्वतावरून बर्फ कोसळते. दृश्य भव्य आहे, मलाही आवडले. प्रेक्षकाला खलनायक डोळ्यांसमोर हवा असतो, ही दिग्दर्शकाची अडचण मी समजू शकतो. पण त्या क्षणी कराद्रास उरला नाही; सारुमानच्या हातातले एक हत्यार तेवढे उरले.

टॉल्किन यांना ते दगड सुचले कुठून? १९११ साली, एकोणीस वर्षांचे असताना, ते स्वित्झर्लंडमध्ये पायी भटकले होते. आलेच हिमनदीजवळच्या एका अरुंद वाटेवर, उन्हाने बर्फ वितळल्यामुळे सुटलेले दगड उतारावरून घरंगळत आले. पुढे चालणाऱ्या एका वयस्क शिक्षिकेच्या आणि त्यांच्या मधून एक मोठा धोंडा सणाणत गेला. हे त्यांनी पुढे म्हातारपणी मुलाला लिहिलेल्या पत्रात सांगितले आहे. (शिक्षिकेचा उल्लेख वाचून माझ्यासारख्याला जरा आपलेपणा वाटला.) त्या धोंड्यामागे ऊन होते, दुसरे कोणी नव्हते. हे त्यांना पक्के ठाऊक होते. तरीही कादंबरीत त्यांनी ऊन सांगितले नाही की भूतही सांगितले नाही. गुडघ्यांत आलेली ती कापरी मात्र जशीच्या तशी ठेवली.

हे मला जमले नव्हते. माझ्या पहिल्या कादंबरीत नदीचा एक डोह होता. दरसाल तो एक माणूस घेतो, असे गाव मानत असे. दोनशे पाने मी तो डोह जपला, आणि शेवटच्या प्रकरणात मला धीर धरवला नाही. वाळू चोरणाऱ्या एका माणसाने लोकांना दूर ठेवण्यासाठी उठवलेली ती आवई होती, असा उलगडा करून टाकला. वाटले, केवढी शहाणपणाची गोष्ट केली! माझ्या आत्याने पुस्तक वाचून मिटले आणि म्हणाली, “अरे, सगळं त्या माणसानंच केलं, तर मग डोह कशाला हवा होता रे?” अकरा वर्षे झाली, या प्रश्नाला माझ्यापाशी अजून उत्तर नाही.

त्या मुलाला मी म्हटले, “लिहिणाऱ्यानं ते सांगितलेलं नाही.” त्याचे समाधान झाले नाही. पण दुसऱ्या दिवशी वर्गात शिरलो तो अर्धा वर्ग वाऱ्याच्या बाजूने आणि अर्धा पर्वताच्या बाजूने भांडत होता, आणि मागच्या बाकावरची एक मुलगी, जी एरवी तोंड उघडत नाही, ती विचारत होती, “पण ते नऊ जण आलेत हे डोंगराला कळलं कसं?”