तोच बिल्ला, चाळीस वेळा

तोक्योच्या इकेबुकुरोत फिरलात तर 'इताबॅग' दिसेल: पारदर्शक खिशाची पिशवी आणि आत एकाच मांगा-पात्राचे तेच ते बिल्ले, ओळीने. 'इता' म्हणजे दुखणारं. बघणाऱ्याच्या डोळ्यांना की घेणाऱ्याच्या खिशाला, ते तुम्हीच ठरवा.

हिरोकी अझुमा २००१च्या पुस्तकात म्हणतात की ओताकू पात्रांमधल्या केस, कान, पोशाख अशा सुट्या घटकांच्या 'डेटाबेस'वर भाळतात. मला हे अर्धंच पटतं. घटकच हवेत, तर तोच बिल्ला पुन्हा कशाला? बिल्ले बरेचदा बंद पाकिटात मिळतात. आपलं पात्र निघेपर्यंत घ्यायचे, नाहीतर अदलाबदल करायची. या खटपटीतच माया वाढते.

मार्क स्टाइनबर्ग १९६३च्या चॉकलेटसोबत मिळणाऱ्या अ‍ॅटमच्या स्टिकरकडे बघतात, तिथे मला जास्त सापडतं. स्टिकर दप्तरावर चिकटला की पात्र गोष्टीतून उठून मुलासोबत शाळेत जातं. कंपनी यावर कमावते, हेही खरंच. त्या बंद पाकिटांबद्दल पुढच्या लेखात.