स्वामी रामानंद तीर्थ यांचे चरित्र आणि ‘मुक्ती’ या शब्दाचा अर्थ

हैदराबाद संस्थानच्या मुक्तिसंग्रामाचे नेते स्वामी रामानंद तीर्थ यांचे मराठवाड्याच्या सार्वजनिक जीवनातील स्थान कोणी नाकारू नये, असे आमचे मत आहे. त्यांनी तुरुंगवास भोगला, घरसंसार केला नाही, सत्ता हाताशी आली तेव्हाही तिचा लोभ धरला नाही. प्रस्तुत लेखाचा विषय त्यांचे चरित्र आजवर ज्या पद्धतीने सांगितले गेले ती पद्धती हा आहे. दरवर्षी १७ सप्टेंबरला मराठवाड्याच्या गावोगावी ध्वजारोहण होते, भाषणे होतात, स्वामीजींच्या प्रतिमेला हार घातला जातो. त्या भाषणांतून जो ‘मुक्ती’ शब्द उच्चारला जातो, त्याचा अर्थ गावाच्या वेशीबाहेर राहणाऱ्या माणसाने काय घ्यावा, हा प्रश्न आम्हांस विचारावयाचा आहे.

चरित्राचा सांगाडा वाचकांस परिचित आहे. व्यंकटेश खेडगीकर या नावाने ३ ऑक्टोबर १९०३ रोजी आजच्या कर्नाटकात त्यांचा जन्म झाला. असहकाराच्या चळवळीने विद्यार्थिदशेतच त्यांना ओढून घेतले. पुढे कामगार पुढारी ना. म. जोशी यांच्या हाताखाली त्यांनी काम केले. हिप्परगा येथील राष्ट्रीय शाळेत आणि नंतर मोमिनाबादला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला, शिक्षक म्हणून ते राहिले. संन्यास घेतला व रामानंद तीर्थ झाले. त्यांच्या इंग्रजी आठवणी १९६७ साली पुस्तकरूपाने निघाल्या. त्या पुस्तकाच्या नावात त्यांनी स्वतःला स्थान दिले नाही, हैदराबादच्या स्वातंत्र्यलढ्याला दिले. हा नम्रपणा आम्हांस खरा वाटतो. २२ जानेवारी १९७२ रोजी त्यांचे निधन झाले.

या सांगाड्यात चरित्रकारांना सर्वांत प्रिय असतो तो संन्यास. आमची पहिली हरकत तेथेच आहे. संन्यासाचे वर्णन होते ते जणू त्या एका कृतीने मनुष्य जातीच्या पलीकडे गेला अशा थाटात. संन्यासी स्वतःची जात टाकतो हे परंपरा मान्य करते, परंतु गावाची जात त्याने मोडावी अशी अपेक्षा ती परंपरा त्याच्याकडून ठेवीत नाही. वर्णव्यवस्थेने संन्याशाला आपल्या बाहेर एक मानाची जागा दिली आणि आतली घडी तशीच ठेवली. ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रास्ताविकात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी भिक्खूसंबंधी जो प्रश्न उपस्थित केला, तो येथे उपयोगी पडतो. भिक्खू निर्माण करण्यामागे बुद्धाचा हेतू परिपूर्ण मनुष्य घडविण्याचा होता की समाजसेवक घडविण्याचा, असा तो प्रश्न आहे. केवळ परिपूर्ण मनुष्य असेल तर तो धम्माच्या प्रसाराला निरुपयोगी, असा बाबासाहेबांचा निर्वाळा आहे. या कसोटीवर स्वामीजी उणे ठरत नाहीत, कारण भगवी वस्त्रे घालून ते मठात बसले नाहीत. शाळा, कामगार संघटना आणि तुरुंग ही त्यांची ठिकाणे होती. तेव्हा त्यांना ‘यती’ म्हणून मखरात बसविणारे लेखक त्यांच्या आयुष्यातील सेवेचा भागच झाकून टाकतात. स्वामीजींवर हा अन्याय आमच्याकडून झालेला नाही.

आता १९३८ सालाकडे वळू. हैदराबाद स्टेट काँग्रेसवर ती रीतसर स्थापन होण्यापूर्वीच निजाम सरकारने बंदी घातली. २४ ऑक्टोबर १९३८ रोजी सत्याग्रह सुरू झाला. सभास्वातंत्र्य नाही, वृत्तपत्रस्वातंत्र्य नाही, जबाबदार राज्यपद्धती नाही, अशा राज्यात निःशस्त्र माणसांनी तुकड्यातुकड्यांनी कायदा मोडून तुरुंगात जावे, हा त्याचा मार्ग होता आणि स्वामीजींनी तो स्वतः चालून दाखविला. सनदशीर मार्ग खुले झाल्यानंतर सत्याग्रहाला जागा उरत नाही, असे बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीत सांगितले. काही मंडळी ते भाषण पुढे करून सर्वच सत्याग्रहांना एका दोरीने बांधतात. निजामाच्या राज्यात १९३८ साली सनदशीर मार्ग होता कोठे? ज्यांनी स्वतः महाडला १९२७ साली व नाशिकला १९३० साली सत्याग्रह उभारला, त्या बाबासाहेबांच्या शब्दांचा असा उपयोग करणे अप्रामाणिकपणाचे आहे.

आर्य समाज आणि हिंदू महासभा यांनी त्याच सुमारास आपले वेगळे सत्याग्रह सुरू केल्याने लढ्याला धार्मिक रंग येऊ लागला, आणि गांधीजींच्या सल्ल्याने स्टेट काँग्रेसने २४ डिसेंबर १९३८ रोजी आपला सत्याग्रह स्थगित केला. येथपर्यंतचा वृत्तांत मुक्तिसंग्रामावरील लेखनात मिळतो. त्यानंतर बहुतेक लेखक थेट वैयक्तिक सत्याग्रहाकडे व १९४२ कडे जातात. परंतु याच औरंगाबाद जिल्ह्यात, कन्नड तालुक्यातील मक्रणपूर येथे, ३० डिसेंबर १९३८ रोजी, म्हणजे सत्याग्रह थांबल्यानंतर अवघ्या सहा दिवसांनी, भाऊसाहेब मोरे यांनी मराठवाड्यातील अस्पृश्यांची परिषद भरविली. बाबासाहेब त्या परिषदेला आले. निजामी राजवटीची पाठराखण करू नका, हे त्यांनी लोकांना सांगितले. आपल्या माणसांनी परस्परांना ‘जय भीम’ म्हणून अभिवादन करावे, ही सूचना भाऊसाहेबांनी मांडली ती याच परिषदेत. आज जगाच्या पाठीवर जेथे जेथे आंबेडकरी माणूस आहे तेथे तेथे जो शब्द उच्चारला जातो, त्याचे नाते मराठवाड्याच्या एका खेड्याशी आहे.

सहा दिवसांच्या अंतराने घडलेल्या या दोन घटना एका पुस्तकात का बसू नयेत? एका बाजूस जबाबदार राज्यपद्धतीची मागणी, दुसऱ्या बाजूस वेठबिगार, येसकरी, पाणवठ्याची बंदी आणि मुलांना शाळा नाही हे दुःख. पहिली मागणी मान्य झाली असती तरी दुसरे दुःख आपोआप सरले नसते, कारण वेठ घेणारा देशमुख आणि पाटील हा काही निजामाच्या धर्माचा नव्हता. मुक्तिसंग्रामाच्या लेखनात ‘जुलूम’ हा शब्द राजवाड्यापासून सुरू होतो आणि रझाकारांपाशी संपतो. चावडीपर्यंत तो क्वचितच येतो. स्वामीजी कामगार चळवळीत घडलेले होते, म्हणून त्यांच्या चरित्रकारांकडून आमची अपेक्षा अधिक होती.

आमच्या बाजूचाही एक अवघड प्रश्न आहे आणि तो टाळणे अभ्यासाला शोभणारे नाही. संस्थानातील दलित पुढाऱ्यांपैकी बी. एस. व्यंकटराव यांनी निजामाच्या अखेरच्या मंत्रिमंडळात स्थान घेतले, बी. श्यामसुंदर हे १९४८ साली हैदराबादची बाजू मांडण्यासाठी संयुक्त राष्ट्रसंघाकडे गेलेल्या शिष्टमंडळात होते. एवढ्याच आधारावर ‘दलित निजामाबरोबर होते’ असे सरसकट विधान केले जाते. परंतु बाबासाहेबांनी नोव्हेंबर १९४७ मध्येच निवेदन काढून हैदराबादमधील अनुसूचित जातींनी निजामाची बाजू घेऊ नये असे बजावले होते, आणि जे. सुब्बय्या यांच्यासारखे शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचे कार्यकर्ते त्या भूमिकेबरोबर राहिले. व्यंकटराव व श्यामसुंदर यांचा निर्णय आम्हांस चुकीचा वाटतो. तथापि हिंदू जमीनदाराच्या हाती उद्या सत्ता गेली तर आपले काय होईल, ही त्यांची भीती निराधार होती असे १९७८ नंतर मराठवाड्यात कोण म्हणू शकेल?

चरित्रलेखनाची सर्वाधिक धांदल होते ती अहिंसेपाशी. स्वामीजी गांधीमार्गी होते. १५ ऑगस्ट १९४७ रोजी त्यांना अटक झाली आणि मधला अल्प काळ वगळता पोलिस कारवाईपर्यंत ते तुरुंगातच होते. त्या काळात सीमेवरील छावण्यांतून स्टेट काँग्रेसच्याच कार्यकर्त्यांनी सशस्त्र प्रतिकार केला. ३० जानेवारी १९४८ रोजी उमरीची बँक लुटली गेली. एकाच भाषणात वक्ते अहिंसेचाही गौरव करतात आणि उमरीचाही, आणि दोहोंमधील ताण श्रोत्यांच्या लक्षात येऊ देत नाहीत. बौद्ध विचाराला येथे लपवाछपवीची गरज नाही. हिंसेची इच्छा आणि हिंसेची आवश्यकता यांत बुद्धाने भेद केला, अहिंसा हे तत्त्व आहे, आंधळा नियम नव्हे, असे बाबासाहेबांचे प्रतिपादन आहे. रझाकारांच्या हल्ल्यांपासून गाव वाचविण्यासाठी शस्त्र उचलणे आवश्यकतेत बसते की नाही, याची चर्चा उघडपणे करता येते.

परंतु त्याच न्यायाने पुढच्या घटनांचीही चर्चा करावी लागेल. पोलिस कारवाईनंतर उस्मानाबाद, नांदेड, बीदर व गुलबर्गा या जिल्ह्यांत सामान्य मुसलमानांची जी हत्या झाली, तिची चौकशी पंडित सुंदरलाल समितीने केली. मृतांचा तिचा अंदाज तीस ते चाळीस हजारांचा आहे. तो अहवाल अनेक दशके प्रसिद्ध होऊ दिला गेला नाही. तेथे आवश्यकता नव्हती, इच्छा होती. दहा वर्षे अहिंसेचे शिक्षण घेतलेल्या चळवळीच्या प्रदेशात हे घडले, याचा विचार अहिंसेच्या नावाने लिहिलेल्या चरित्रात यावयास हवा. तो न केल्यामुळे अहिंसा ही नेत्याच्या अंगावरील वस्त्रासारखी झाली. ती प्रजेच्या अंगी किती उतरली, हे मोजण्याचे काम कोणी केले नाही.

स्वातंत्र्योत्तर काळ चरित्रकार दोन-चार पानांत उरकतात. आमच्या दृष्टीने तो कमी महत्त्वाचा नाही. १९४९ साली जहागिरी रद्द झाल्या, १९५० साली कुळकायदा आला, आणि काँग्रेसमधील ज्या गटाने जमीन कसणाऱ्याला मिळावी असा आग्रह धरला, त्याचे नेतृत्व स्वामीजींकडे होते. हे श्रेय त्यांना द्यावे. परंतु कुळकायदा कुळाचा असतो. ज्याच्या नावे खंडाची जमीनही नव्हती, त्या शेतमजुराच्या पदरी त्याने काय टाकले? म्हणून १९५३ साली मराठवाड्यात भूमिहीनांना पडीक जमिनीसाठी सत्याग्रह करावा लागला, आणि पुढे कर्मवीर दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली १९६४-६५ मध्ये तो देशव्यापी झाला. हातात शस्त्र न घेता तुरुंगात जाणारी ही माणसे अहिंसेच्या कोणत्या इतिहासात नोंदली गेली आहेत? मराठवाड्यातील निःशस्त्र प्रतिकाराचा इतिहास लिहावयाचा तर १९३८ च्या शेजारी १९५३ ठेवावे लागेल.

१९५७ साली स्वामीजी औरंगाबाद मतदारसंघातून लोकसभेवर निवडून आले. बाबासाहेबांनी १९५० साली या शहरात स्थापन केलेले मिलिंद महाविद्यालय तोवर नागसेनवनात उभे राहिले होते. स्वामीजी खासदार असतानाच, २३ ऑगस्ट १९५८ रोजी, मराठवाडा विद्यापीठाची स्थापना याच शहरात झाली. त्या विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी २७ जुलै १९७८ रोजी संमत केला, तेव्हा स्वामीजींना जाऊन सहा वर्षे झाली होती. त्यानंतर खेड्याखेड्यांत जे झाले ते आमच्या वाचकांना सांगावयास नको. पोचिराम कांबळे यांचे नाव पुरेसे आहे. स्वामीजींचे निकटचे सहकारी गोविंदभाई श्रॉफ यांनी नामांतराला उघड विरोध केला आणि ‘मराठवाडा’ या नावात मुक्तिसंग्रामाची अस्मिता आहे असा युक्तिवाद मांडला. ‘मराठवाडा’ दैनिकाचे संपादक अनंत भालेराव हेही त्याच बाजूस होते. एस. एम. जोशी यांच्यासारखे समाजवादी मात्र नामांतराच्या बाजूने उभे राहिले. म्हणजे स्वातंत्र्यलढ्यातील माणसाला दुसरा मार्ग दिसत नव्हता असे नाही. स्वामीजी असते तर कोठे उभे राहिले असते, याचे तर्क दोन्ही बाजूंनी केले जातात. मृत माणसाला साक्षीला बोलावण्याचा हा प्रकार आम्हांस मान्य नाही.

अखेर १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला, आणि त्याच वर्षी १७ सप्टेंबरला नांदेड येथे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाले. दोन्ही नावांची घडण एकसारखी आहे: आधी व्यक्तीचे नाव, मागून ‘मराठवाडा’. एका नावासाठी सोळा वर्षे लागली, लाँग मार्च निघाला, वस्त्या जळाल्या, माणसे गेली. दुसऱ्या नावासाठी कोणाच्या घरावर दगड पडला नाही. एका नावाने ज्यांची अस्मिता धोक्यात आली, त्यांना दुसऱ्या नावाने ती सुरक्षित वाटली. हा फरक स्वामीजींनी निर्माण केलेला नाही, परंतु त्यांचे नवे चरित्र लिहिणाऱ्याला तो ओलांडून जाता येणार नाही. त्याने २४ डिसेंबर १९३८ चे पान लिहून झाल्यावर थांबावे, कन्नडला जावे, मक्रणपूरचे पान लिहावे, आणि मगच पुढे १९४२ कडे वळावे.