‘लेणी’ म्हणजे डोंगराचे दागिने?

माझ्या संशोधन आराखड्याचं पहिलंच वाक्य होतं : ‘डोंगराने अंगावर ल्यालेले दागिने म्हणजे लेणी.’ मार्गदर्शकांनी शेजारी पेन्सिलीने एवढंच लिहिलं : आधार? तळोद्याला घरी येऊन आठवडाभर शोधलं. आधार काही मिळाला नाही, भलतंच मिळालं.

हे वाक्य तुम्हीही कुठेतरी वाचलं असेल. ऐकायला गोड आहे. मराठीत काजळ लेतात, दागिने लेतात. पण दोन शब्द आज सारखे दिसतात म्हणून ते एकाच घरचे ठरत नाहीत. जुना पुरावा बघावा लागतो.

नाशिकच्या पांडवलेण्यांत, १० क्रमांकाच्या लेण्यात, नहपानाचा जावई उषवदात याचा सुमारे १९०० वर्षांपूर्वीचा लेख आहे. भाषा बरीचशी संस्कृत, पण कोरलेल्या वास्तूला शब्द वापरलाय तो ‘लेण’. सोबतच्या पाण्याच्या टाक्यांना ‘पोढी’. पालीतही ‘लेण’ आहे. विनयपिटकात भिक्खूंसाठी त्याचे पाच प्रकार सांगितलेत : विहार, अड्ढयोग, पासाद, हम्मिय आणि गुहा. नीट बघा, गुहा ही पाचांतली फक्त एक! म्हणजे ज्या शब्दाने आपण खडकातली पोकळी ओळखतो, त्याच्या मूळ अर्थात पोकळी नाही, खडक नाही, दागिना तर नाहीच. आहे तो आसरा. संस्कृत ‘ली’ धातूवरून लयन. आलय, निलय हे त्याचेच भाऊबंद. पुढे लयन, लयण, लेण. हा बदल ओढूनताणून लावलेला नाही. मदन, मयण, मेण ही साखळी अशीच चालते (हो, मेणबत्तीतलंच मेण).

दागिन्यांच्या व्युत्पत्तीवर माझा खरा आक्षेप वेगळा आहे. ती तुमची नजर शिल्पांकडे वळवते. मग जुन्नरच्या साध्या खोल्या, झोपायचे दगडी ओटे, पाण्याची टाकी हे सगळं ‘किरकोळ’ वाटायला लागतं. माझ्या पहिल्या आराखड्यात पोढ्यांचा उल्लेखच नव्हता. राहायच्या जागेचा अभ्यास, आणि पाणी गायब!

तरी ती समजूत फेकून देऊ नका. लोकांना हे दोन शब्द एकच का वाटले, हाही अभ्यासाचा विषय आहे. त्याला लोकव्युत्पत्ती म्हणतात. फक्त ती ‘शब्दाचं मूळ’ या मथळ्याखाली लिहू नका. माझ्याकडे ती आता तळटीपेत आहे.