‘रश’ : लाउडा साधला, हंट निसटला

मोटारींच्या शर्यतीचा चित्रपट आपल्या वयाच्या मंडळींनी का पाहावा, असे वाचक विचारतील. आमचे उत्तर असे की, रॉन हॉवर्ड यांच्या ‘रश’मध्ये (२०१३) मोटारींपेक्षा माणसेच पाहण्यासारखी आहेत.

ऑस्ट्रियाचा निकी लाउडा व इंग्लंडचा जेम्स हंट यांच्या १९७६ सालच्या चुरशीची ही हकिकत. १ ऑगस्टला जर्मनीतील न्युर्बुर्गरिंग येथे लाउडाची गाडी पेटली. चेहरा भाजला, फुप्फुसांत विषारी धूर गेला. धर्मगुरूने अखेरचे विधीही उरकले. तरी सहा आठवड्यांनी तो मोंझाच्या शर्यतीत उतरला आणि चौथा आला.

डॅनियल ब्रूल याने हा लाउडा हुबेहूब उभा केला आहे. बोलण्याची धाटणी शिकण्यासाठी तो स्वतः लाउडाला भेटला होता. पुढे आलेले दात व भाजल्याचे व्रण रंगभूषाकार लावील. पण ते तुटक, हिशेबी, कोणाची भीड न ठेवणारे बोलणे नटालाच साधावे लागते.

हंटच्या बाबतीत मात्र लेखक पीटर मॉर्गन यांनी सोपी वाट धरली. क्रिस हेम्सवर्थ देखणा दिसतो. पण मद्य, स्त्रिया आणि बेफिकिरी यांपलीकडे त्याच्या वाट्याला थोडेच येते. दोघांतले वैरही वाजवीपेक्षा ताणले आहे. वास्तविक ते जुने मित्र होते. लाउडाला टोचून बोलणाऱ्या पत्रकाराला हंट बदडतो, तो प्रसंगही रचलेला. नाटकात थोडी मोकळीक चालते. परंतु खरी नावे घेतल्यावर खऱ्या मैत्रीशी इमान राखायला हवे होते. हंट १९९३ साली वारला. त्याला तक्रार करण्याची सोय नव्हती.

शेवटची शर्यत जपानमधील फुजीची. लाउडा ३ गुणांनी पुढे. मुसळधार पाऊस, आणि भाजलेल्या पापण्या धड मिटेनात. दुसऱ्याच फेरीत त्याने माघार घेतली. हंट तिसरा आला व १ गुणाने जगज्जेता ठरला. इंजिन बिघडले असे सांगू, ही फेरारीच्या तंत्रज्ञाची सूचना लाउडाने नाकारली. पुढे १९७७ व १९८४ साली तो पुन्हा जगज्जेता झाला.

सैन्यातून सुटलेली आपली नातवंडे गाडीची किल्ली हाती येताच वाऱ्याशी पैज लावतात. आपला उपदेश त्यांना कंटाळवाणा वाटतो. त्यांच्यासोबत बसून हा चित्रपट अवश्य पाहावा. गाडी पळवणारे त्यांना पुष्कळ ठाऊक आहेत. वेळीच थांबवणाराही शूर असतो, हे त्यांना लाउडाकडून कळेल.