'ळ'ची जागा

समीक्षेचा विषय पुस्तकच असले पाहिजे, असा एक समज आपल्या विद्यापीठांतून मुरलेला आहे. मी या लेखात एका तक्त्याची समीक्षा करणार आहे. हा तक्ता संगणकात असतो, त्याला प्रस्तावना नसते आणि लेखकाचे नाव सहसा कोणी पाहत नाही.

आमच्या महाविद्यालयात शनिवारी सायंकाळी आम्ही आठदहा जण पाली वाचायला बसतो. तिपिटकाचा पाठ इगतपुरीच्या विपश्यना विशोधन विन्यासाने देवनागरीत उपलब्ध केलेला आहे, त्यामुळे वाचायची अडचण नाही. अर्थ पाहायचा म्हटले की मात्र रोमन लिपी आडवी येते. पाली टेक्स्ट सोसायटीचा १९२१ ते १९२५ या काळात निघालेला कोश रोमनमध्ये आहे. इंग्रजी माध्यमात न शिकलेल्या मुलांना आधी ठिपके आणि रेघा ओळखायच्या, मग शब्द ओळखायचा. म्हणून एका विद्यार्थ्याने निवडक शब्दांची यादी देवनागरीत आणायचे ठरवले आणि फुकट मिळणारी एक लिप्यंतराची लायब्ररी वापरली.

येथे लायब्ररी म्हणजे ग्रंथालय नव्हे. एकाने लिहून ठेवायचे आणि शेकडोंनी आपापल्या प्रोग्रॅममध्ये जसेच्या तसे जोडून घ्यायचे, असे हे तयार काम असते. तिच्या पोटात तक्ता असतो: या रोमन अक्षरासाठी हे देवनागरी अक्षर.

यादी छापून आली. 'दळ्ह' या शब्दाचे 'दऌह' झाले होते. 'सोळस'चे 'सोऌअस', 'कीळति'चे 'कीऌअति'. आणि खुद्द भाषेचे नाव, ज्याचे ग्रंथांतले एक रूप 'पाळि' असे आहे, ते 'पाऌइ' असे उमटले होते. मुले हसली. मलाही आधी हसूच आले.

प्रकार असा आहे. संस्कृतसाठी विद्वानांमध्ये रूढ असलेल्या रोमन पद्धतीत, जिचे मूळ १८९४ सालच्या जिनिव्हा येथील प्राच्यविद्या परिषदेत सांगितले जाते, 'एल'खाली ठिपका दिला की तो 'ऌ' हा स्वर होतो. पालीच्या रोमन लेखनात नेमके तेच चिन्ह 'ळ' या व्यंजनाचे आहे. पालीत 'ऌ' नाहीच. आता हा 'ऌ' संस्कृतात तरी किती राबतो? 'कॢप्' या एका धातूपुरता. दीर्घ 'ॡ' तर व्याकरणाच्या तक्त्याबाहेर भेटत नाही. उलट 'ळ' पहा. षोडशचे सोळस झाले ते पालीत, आणि तो 'ळ' आपण 'सोळा' म्हणताना आजही उच्चारतो. शाळा, फळा, गूळ, काळा, डोळा, मळा. मराठी माणसाचा दिवस या अक्षरावाचून सरत नाही. ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेत 'ळ' आहे, हे आमच्या शुद्धतावाद्यांनी एकदा नीट पाहावे. तरीही ठिपक्याची जागा एका धातूच्या स्वराला वतन म्हणून दिलेली आहे, आणि रोज राबणाऱ्या अक्षराने दाराबाहेर उभे राहायचे आहे.

माझे एक सहकारी म्हणाले, "अहो सर, यात वर्णव्यवस्था कुठून आणता? ही तांत्रिक बाब आहे. दुसरी पद्धत निवडा की." त्यांचे म्हणणे उडवून लावण्यासारखे नाही. २००१ सालच्या आय.एस.ओ. १५९१९ या मानकात 'ळ'ला ठिपका दिला आहे आणि 'ऌ'ला खाली वर्तुळ. 'अक्षरमुख' या विनोद राजन यांच्या साधनात, जे शंभराहून अधिक लिप्या हाताळते, रोमन पालीची वेगळी सोय केलेली आहे. हे काम मोलाचे आहे आणि त्याबद्दल कृतज्ञताच व्यक्त केली पाहिजे. पण 'वेगळी' हा शब्द माझ्या मनात अडकून राहतो. साध्या नावाने जे समोर येते ते संस्कृत. पालीला मात्र आपले नाव सांगून, वेगळ्या पंगतीत बसावे लागते.

जिनिव्हाच्या विद्वानांवर कटाचा आरोप मला करायचा नाही. छापील पुस्तकात ही दुहेरी योजना खपून गेली, कारण वाचणारा विद्वान समोरची भाषा कोणती हे जाणून असे. चिन्हाची उणीव त्याचे ज्ञान भरून काढी. यंत्राजवळ ते ज्ञान नाही, फक्त तक्ता आहे. म्हणजे पूर्वी जो निर्णय प्रत्येक वाचक पानापानावर करीत होता, तो आता तक्ता लिहिणारा एकदाच, सर्वांच्या वतीने करतो. आणि तो जोडून घेणाऱ्या शेकडोंना निर्णय झाला आहे याची जाणीवही नसते. संगणकाच्या लेखी 'ळ' आणि 'ऌ' ही दोन सर्वस्वी भिन्न अक्षरे आहेत. 'पाळि' शोधणाऱ्याला 'पाऌइ' कधीही सापडणार नाही.

बाबासाहेबांनी पालीचा कोश करायला घेतला होता. शासनाच्या ग्रंथमालेच्या १६ व्या खंडात १९९८ साली तो प्रसिद्ध झाला. आज त्या भाषेकडे वळणारी आमची मुले बहुतेक संगणकाच्या वाटेनेच वळतात. त्या वाटेवर पहिल्याच पावलाला त्यांच्या हाती 'दऌह' पडणार असेल, तर हा प्रश्न तांत्रिक म्हणून सोडून देता येत नाही.

आमचे आडनाव साळवे. आमच्या घरातला पहिला पदवीधर मी. वडील रात्रीच्या वर्गात सही शिकले, आणि त्यांना सर्वांत जास्त छळले ते या 'ळ'ने. त्याची दोन वाटोळी वळणे त्यांना जुळत नसत. म्हातारपणीही सही करताना त्या अक्षरापाशी त्यांचा हात क्षणभर थांबे. त्या दिवशी मी आडनाव ठिपक्यासह रोमनमध्ये लिहून यंत्राला दिले. उत्तर आले: 'साऌअवे'. मग मला हसू आले नाही.

अशा लायब्ऱ्यांचा एक मोठा गुण असा की त्यांचा तक्ता उघडा असतो. कोणीही वाचावा, आपल्या प्रतीत दुरुस्त करावा. ज्यांच्या पूर्वजांना अक्षर पाहण्याचीही बंदी होती त्यांना या उघडेपणाची किंमत सांगावी लागत नाही. पुढच्या शनिवारी त्या विद्यार्थ्याने मला तक्ता दाखवला. ठिपक्याचे चिन्ह स्वरांच्या ओळीतून काढून त्याने व्यंजनांच्या ओळीत, 'ळ'समोर बसवले. पाच मिनिटांचेही काम नव्हते. 'दळ्ह' आला, 'सोळस' आला, 'साळवे' आला.

दोन आठवड्यांनी संस्कृत विभागातल्या बाई आमची प्रत घेऊन गेल्या आणि तक्रार घेऊन परतल्या. त्यांच्या पाठातला 'कॢप्त' आता 'क्ळ्प्त' असा उमटत होता. मी त्यांना म्हणालो, बाई, तक्रार रास्त आहे. संस्कृतसाठी वेगळा तक्ता ठेवला आहे, नाव सांगून तो निवडावा लागेल.