मोजलं कॅल्शियम, लिहिलं अथेरोस्क्लेरोसिस

कॅरोटिड धमनी कवटीच्या तळाशी नागमोडी वळण घेऊन मेंदूकडे जाते. उतारवयातल्या सीटी स्कॅनवर नेमकं तिथेच पांढरं कॅल्शियम दिसतं. रॉटरडॅम स्टडीचा २०१४ सालचा पेपर त्यावरच आहे. २,३०० हून अधिक लोक, त्यातल्या ८० टक्क्यांहून अधिक जणांत हे कॅल्शियम. ज्यांच्यात ते जास्त, त्यांना पक्षाघाताचा धोकाही जास्त. पेपर जरूर वाचा, काम भक्कम आहे.

माझी हरकत शीर्षकातल्या एका शब्दावर आहे. मोजलं कॅल्शियम, लिहिलं 'अथेरोस्क्लेरोसिस'. तुम्ही म्हणाल, त्यात काय एवढं? अथेरोस्क्लेरोसिस म्हणजे धमनीच्या आतल्या अस्तरात चरबी साठणं. पण २०१६ मध्ये उट्रेख्तच्या गटाने मृतदेहांतल्या धमन्या सूक्ष्मदर्शकाखाली पाहिल्या. या जागी बहुतेक कॅल्शियम अस्तराबाहेरच्या लवचीक पडद्यात निघालं. तिथे धमनी अरुंद होण्यापेक्षा ताठ होते. म्हणजे धोका खरा असेलही, पण त्यामागचं कारण वेगळं असू शकतं. आणि कारण चुकलं तर औषधही चुकीच्या जागी शोधलं जाणार.

२०१४ च्या लेखकांसमोर हा पुरावा नव्हता, हे मान्य. आपल्यासमोर मात्र आहे. तरी माझ्या सिनॉप्सिसमध्ये मी हे दोन शब्द बिनधास्त अदलाबदल करून वापरले होते. गाईडने लाल पेनाने एवढंच विचारलं, "हे तू पाहिलंस, की मानलंस?"

पुढचा पेपर वाचताना वहीत दोन रकाने आखा: काय मोजलं, काय म्हटलं. त्यांच्यातल्या फटीतच कदाचित तुमचा संशोधन-प्रश्न सापडेल.