उसातला बिबट्या आणि पुस्तकातलं जंगल

मराठी वाचकाला जंगल वाचायची गोडी लावली ती मुख्यतः दोन लेखकांनी. व्यंकटेश माडगूळकर माणदेशातले, मारुती चितमपल्ली सोलापूरचे. दोघांचाही जन्म उघड्या, अवर्षणाच्या मुलखातला. पण वन्यजीवांसाठी त्यांची जी पुस्तकं आपण पुन्हापुन्हा हातात घेतो, ती विदर्भातल्या दाट रानांनी दिलेली आहेत. ‘नागझिरा’ आणि ‘नवेगावबांधचे दिवस’ ही नावंच पुरेशी बोलकी आहेत. माडगूळकरांच्या ‘सत्तांतर’ला 1983 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला आणि वानरांच्या टोळ्यांचा संघर्ष हा मराठी कादंबरीचा विषय होऊ शकतो, यावर शिक्कामोर्तब झालं.

त्याच माडगूळकरांनी 1955 मध्ये ‘बनगरवाडी’ लिहिली होती. तिथे माळ आहे, मेंढरं आहेत, दुष्काळ आहे आणि धनगर आहेत. त्यांचं लेखन सलग वाचलं की एक वाटणी लक्षात येते. माळावर माणसं आणि जंगलात जनावरं. वाटणी अर्थात इतकी काटेकोर नाही, पण कल तसा आहे. पुढच्यांनी मात्र ती नियमासारखी पाळली. विलास मनोहरांचं ‘नेगल’ हेमलकशाचं, किरण पुरंदरे यांचं ‘सखा नागझिरा’ नावाप्रमाणेच नागझिऱ्याचं, अतुल धामनकरांचं लेखन चंद्रपूरकडचं. ही सगळी पुस्तकं मला प्रिय आहेत. ‘नेगल’मध्ये माणूस आणि बिबट्या एका अंगणात कसे नांदतात ते फार मायेने आलं आहे. तरीही आज मराठी अरण्यलेखनाचा आढावा घेताना एक गोष्ट स्पष्ट म्हणायला हवी: वाघ पाहायला आपण रेल्वेने नागपूर-गोंदियाकडे जातो आणि वाटेत दौंड जंक्शनच्या आजूबाजूला जे रान आहे, त्याच्याकडे आपल्या साहित्याने नीट पाहिलेलंच नाही.

शिरूर आणि दौंड हे भीमेच्या काठचे तालुके. एकेकाळी इथे बाजरी, ज्वारी, कुसळी गवत आणि मेंढरं. मग पाणी आलं. कुकडी आणि चासकमानच्या कालव्यांनी शिरूरचा, खडकवासल्याच्या कालव्याने दौंडचा बराच भाग हिरवा केला आणि ऊस माजला. वर्षभर उभं राहणारं, माणसाहून उंच, आत दिसू न देणारं पीक बिबट्याला जंगलाइतकंच सोयीचं पडलं. शिरूर तालुका आज जुन्नर वनविभागात मोडतो आणि त्या वनविभागाचं नाव बिबट्यावाचून कोणी घेत नाही.

उरलेल्या माळावर लांडगा, तरस, खोकड आणि चिंकारा अजून तग धरून आहेत. दौंडच्या हद्दीला लागून, बारामती तालुक्यातल्या सुप्याजवळ मयुरेश्वर अभयारण्य आहे. ते 1997 मध्ये जाहीर झालं. क्षेत्र जेमतेम 5.14 चौरस किलोमीटर. कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने याच दख्खनच्या पठारावरच्या लांडग्याला 1831 मध्ये शास्त्रीय नाव दिलं. विज्ञानाच्या दप्तरी नोंद होऊन त्याला दोनशे वर्षं होत आली. पण सातबाऱ्यावर त्याचं घर ‘पडीक’ आणि मराठी साहित्यात तो बहुतेक वेळा नीतिकथेतला खलनायक.

या मुलखाचं लेखन होत नाही असं नव्हे; रोज होतं, वर्तमानपत्रात. बिबट्या दिसला, शेळी नेली, पिंजरा लावला, पकडला. पिंजऱ्याचं दार पडलं की बातमी संपते. 2025 च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात शिरूरच्या पिंपरखेड-जांबूत परिसरात तीन आठवड्यांत तीन जीव गेले, त्यांत दोन मुलं होती. लोक रस्त्यावर उतरले, बिबट्या गोळी घालून मारला गेला. शेतात खुरपायला जाणाऱ्या बायांनी कुत्र्याच्या गळ्यात बांधतात तसले खिळ्यांचे पट्टे स्वतःच्या गळ्यात घातले. हे छायाचित्र सगळ्यांनी पाहिलं. त्या पट्ट्यासकट वाफ्यात वाकलेल्या बाईच्या मनात काय चाललं होतं, ते लिहिणारं पुस्तक मात्र आपल्याकडे नाही.

त्याच शिवारात दुसरं दृश्यही घडतं. तोडणी सुरू होते, कोयते चालत जातात आणि फडाच्या पोटात बिबट्याची पिल्लं सापडतात. डोळे नुकते उघडलेले, मांजराएवढी. काम थांबतं. वनरक्षक येतात, पशुवैद्यक पिल्लं तपासतात. संध्याकाळी ती क्रेटमध्ये घालून सापडली त्याच जागी ठेवतात, कॅमेरा लावतात आणि माणसं लांब जाऊन थांबतात. रात्री मादी येते, क्रेट पाडते आणि एकेक पिल्लू तोंडात धरून घेऊन जाते. ज्या ऊसतोड टोळीने ही पिल्लं पाहिली, तिची स्वतःची लेकरं फडाच्या कडेला पाचटाच्या कोपीत झोपलेली असतात. यापेक्षा मोठं नाट्य कोणत्या अरण्यात शोधायचं?

अडचण साच्याची आहे. शिकारकथेचा साचा आपण जिम कॉर्बेटकडून घेतला. त्याचं रुद्रप्रयागच्या बिबट्यावरचं पुस्तक 1948 चं. आजही ते वाचताना श्वास रोखला जातो. पण तिथे एक नरभक्षक आहे, एक शिकारी आहे आणि शेवटी एक गोळी आहे. शिरूरमध्ये गोळीने गोष्ट संपत नाही. त्याच उसात पुढच्या हंगामात दुसरा बिबट्या असतो. जुन्नरला 2001 ते 2003 या काळात बिबटे पकडून दूर सोडले गेले. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या अभ्यासात असं दिसलं की जिथे ते सोडले, त्या भागात माणसांवरचे हल्ले वाढले. ही हकिकत नायकाची नाही. ती कालव्याची, ऊसदराची आणि रात्रीच्या विजेची आहे, कारण लाईट रात्री आली की दारं धरायला रात्रीच जावं लागतं.

दुसरा साचा ललित निसर्गलेखनाचा. त्यात शांतता हवी, एकांत हवा. इथे ट्रॅक्टरचा आवाज आहे, गुऱ्हाळाचा धूर आहे. पण जे. ए. बेकरने ‘द पेरेग्रिन’ हे 1967 चं पुस्तक इंग्लंडमधल्या एसेक्सच्या शेतजमिनींतच लिहिलं आणि ते निसर्गलेखनातलं मानाचं पुस्तक ठरलं. नांगरटीत उभं राहूनही रान पाहता येतं, इतकं ते सिद्ध करतं.

माडगूळकरांनी माळ लिहिला, जंगल लिहिलं. आता हे दोन्ही एकाच पानावर यायला हवं. ते शहरातून दोन दिवस आलेल्या लेखकाला जमणार नाही. वाघर लावून रात्र काढणारा मेंढपाळ, पंचनाम्याला धावणारा वनरक्षक, वस्तीवरच्या शाळेची शिक्षिका आणि तालुक्याचा वार्ताहर यांच्याकडे हा ऐवज आहे. चितमपल्ली जून 2025 मध्ये गेले. वनखात्यातल्या नोकरीतून केवढं साहित्य उभं राहू शकतं, हे त्यांनी आयुष्यभर दाखवून दिलं. शिरूर-दौंडच्या मंडळींनी वह्या काढाव्यात, जे दिसतं ते तारखेसह लिहावं; आणि प्रकाशकांनी ताडोबाच्या आणखी एका सचित्र पुस्तकाआधी त्या वह्या मागून घ्याव्यात. मराठी अरण्यसाहित्याचं पुढचं मोठं पुस्तक उसाच्या फडातून यायला हवं.